अनुभव धागा: अपील ऐकणारे न्यायमूर्ती, मराठवाड्याच्या नजरेतून

औरंगाबाद खंडपीठ 27 ऑगस्ट 1981 रोजी सुरू झालं. त्याआधी आपल्याकडच्या पक्षकाराला अपिलासाठी मुंबई गाठावी लागे. उच्च न्यायालयातून निवृत्त झालेल्या न्यायमूर्तींचं काम ज्यांना जवळून ठाऊक आहे, त्यांनी लिहावं. काम कसं चालतं, अडतं कुठे, एवढंच हवं. गौरवपर भाषणं नकोत.

निवृत्त शिरस्तेदार, परभणी
उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तिपदाला दोन वाटा. एक थेट वकिलीतून, किमान 10 वर्षं उच्च न्यायालयाचा वकील असावा लागतो. दुसरी न्यायसेवेतून. सेवेतला माणूस जिल्हा न्यायाधीश होऊन वर पोचेपर्यंत बहुधा पन्नाशी उलटलेली असते, आणि निवृत्ती 62 व्या वर्षी. म्हणून काळ तोकडा मिळतो. पण साक्षीपुरावा स्वतः नोंदवलेला असल्यामुळे उलटतपासातली खोच त्यांना पटकन दिसते.

भूसंपादनाची अपिलं चालवणारा वकील
अपिलात साक्षीदार समोर उभा नसतो, असतो तो फक्त कागद. आपल्या भागात जायकवाडी, माजलगाव, विष्णुपुरी अशा प्रकल्पांमुळे वाढीव मोबदल्याच्या अपिलांचे ढीग आहेत. न्यायमूर्ती पहिल्यांदा पाहतात ते 1894 च्या भूसंपादन कायद्यातल्या कलम 4 च्या अधिसूचनेची (जमीन घेणार असल्याच्या सरकारी जाहीर सूचनेची) तारीख आणि त्याआधीची खरेदीखतं. मग जमीन जिरायत की बागायत, गावठाणापासून अंतर किती. पाच गुंठ्यांच्या प्लॉटचा दर सहा एकर शेताला जसाच्या तसा लागत नाही, त्यातून कपात होते. ठरलेल्या बाजारभावावर 1894 च्या कायद्याखाली 30 टक्के दिलासा रक्कम, म्हणजे जमीन सक्तीने घेतल्याबद्दलची जादा भरपाई. वाढीव रकमेवर ताब्यापासून पहिल्या वर्षी 9 टक्के व्याज, पुढे 15.

अडतं ते असं: एका गावाची पन्नास प्रकरणं, पुरावा मात्र एकाच मुख्य प्रकरणात नोंदवलेला. खालून रेकॉर्ड मागवताना नेमकं तेच मागवायचं राहतं. बोर्डावर प्रकरण पुकारलं जातं, निशाण्या (पुराव्यातले क्रमांक दिलेले कागद) समोर नाहीत, पुढची तारीख. हा दोष न्यायमूर्तींचा नाही, आम्हा वकिलांचा आणि कार्यालयाचा.

नक्कल विभागातला
वकीलसाहेबांच्या लिखाणाला जोड. उच्च न्यायालयात दिवाणी अपिलाला 90 दिवस, जिल्हा न्यायालयात 30. निकालाच्या नकलेला लागलेले दिवस वजा होतात, पण अर्ज केल्यापासूनचे. निकालानंतर महिनाभर घरी बसून मग अर्ज केला तर तो महिना मुदतीत धरला जातो. मोबदल्याच्या अपिलात विलंब बऱ्याचदा माफ होतो, मात्र तेवढ्या काळाचं व्याज सोडावं लागतं. 2013 च्या नव्या भूसंपादन कायद्याखाली मुदत 60 दिवस, कारण दाखवलं तर आणखी 60.

स्टेनो, आता घरी
आदेश भर कोर्टात तोंडी सांगायची मुंबई उच्च न्यायालयाची जुनी रीत आहे. चांगले न्यायमूर्ती आधी तारखा, मग मुद्दे, शेवटी कारणं सांगतात. निकाल राखून ठेवला की खरी कसोटी. तीन महिने उलटले तर पक्षकार अर्ज करू शकतो आणि सहा महिन्यांनंतर दुसऱ्या पीठाकडे प्रकरण द्या म्हणू शकतो, हे सर्वोच्च न्यायालयाने 2001 मध्ये सांगून ठेवलंय.

जुने कागद वाचणारा, बीड
1956 पर्यंत आपण हैदराबाद राज्यात, त्यामुळे 1950 चा कुळकायदा वेगळा. खासरा पत्रक आणि सेतवार या जमिनीच्या जुन्या नोंदी, खिदमतमाश म्हणजे सेवेच्या बदल्यात दिलेल्या इनामाचे कागद, त्यात उर्दू नोंदी. भाषांतरात 'कब्जेदार' आणि 'मालक' यांची गल्लत झाली की उच्च न्यायालयातल्या दुसऱ्या अपिलापर्यंत तीच चूक चालत येते. तिथे तर कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न निघाला तरच सुनावणी. कागदाचा अर्थच चुकीचा लावला असेल तर असा प्रश्न निघू शकतो. पण अपिलात पंधरा मुद्दे, सगळे वस्तुस्थितीचे, मग दाखल होतानाच फेटाळलं जातं.

वकील, लातूर
निवृत्तीनंतरचं कुणी लिहिलं नाही. राज्यघटनेच्या अनुच्छेद 220 प्रमाणे कायम न्यायमूर्ती राहिलेल्याला सर्वोच्च न्यायालय आणि इतर उच्च न्यायालयं सोडून कुठेही वकिली करता येत नाही. मुंबई, नागपूर, औरंगाबाद, गोवा आणि 2025 पासून कोल्हापूर हे एकच उच्च न्यायालय, म्हणजे पाचही दारं बंद, जिल्हा न्यायालयसुद्धा. उरतं ते लवाद, चौकशी आयोग, किंवा लेखन. नरेंद्र चपळगावकर याच वाटेने 2023 च्या वर्धा साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदापर्यंत गेले. जो अतिरिक्त (ठरावीक मुदतीसाठी नेमलेला) न्यायाधीश कायम झालाच नाही, त्याला मात्र ही बंदी नाही.