युरोपने सील या समुद्री प्राण्याच्या कातड्यांवर घातलेल्या बंदीने आर्क्टिकमधल्या इनुइट या मूळ रहिवाशांची वाट लावली, पटतंय का?

रानभूल: १९८३ मध्ये युरोपने सीलच्या पिल्लांच्या कातड्यांवर बंदी आणली. ही पिल्लं मारायचे कॅनडाच्या पूर्वेला असलेल्या न्यूफाउंडलंड बेटाकडचे धंदेवाईक शिकारी. कॅनडाच्या उत्तरेतले इनुइट मारतात मोठे, रिंग्ड नावाच्या जातीचे सील, तेही खायला, आणि त्यांना सूट पण होती. पण गिऱ्हाईकाला काय फरक कळतोय, सील म्हटलं की नकोच, झालं, भाव गडगडले. आणि कातडं विकूनच तर पेट्रोल, काडतुसं यायची ना! २००९ ला परत तेच, बंदी मोठी, सूट कागदावर.

शेवंती_पी: पूर्वी बर्फातल्या भोकापाशी सील श्वास घ्यायला वर येईपर्यंत भाला धरून तासन्‌तास थांबायचे, ती परंपरा मान्य. पण आता रायफल, स्नोमोबाईल (बर्फावरची मोटारगाडी), आणि माल युरोपच्या फॅशनला. याला परंपरा कसं म्हणायचं?

रानभूल: म्हणजे त्यांनी म्युझियममध्ये राहायचं का? स्नोमोबाईल आली म्हणून मांस वाटून खाणं थांबलेलं नाही. सील फोडला की ताजं काळीज तिथेच कच्चं खातात, बाकीचं शेजारीपाजारी नातेवाईकांत जातं. दुकानातली भाजी विमानाने येते, भाव ऐकून चक्कर येईल.

फक्त_बीएस्सी: दोघंही बर्फाचं बोलतच नाहीये. रिंग्ड सीलची मादी समुद्रावरच्या बर्फात, वर साठलेल्या हिमाखाली घर करून पिल्लू घालते. हिम कमी पडलं किंवा लवकर वितळलं की पिल्लू उघड्यावर, मग अस्वल, कोल्हा आहेतच. अमेरिकेने २०१२ मध्येच आर्क्टिक रिंग्ड सील धोक्यात असलेल्यांच्या यादीत टाकला. शिवाय आपल्याकडच्या कारखान्यांतला पारा आणि पीसीबी नावाची विषारी रसायनं तिथल्या प्राण्यांच्या अंगात साठतात, म्हणजे ताटातलं पण सेफ नाही.

शेवंती_पी: बघा, मग तर शिकार थांबवायलाच हवी!

फक्त_बीएस्सी: नाही हो, यादीत टाकलाय तो पुढे बर्फ जाणार म्हणून, आज सील लाखोंनी आहेत. शिकाऱ्याने सील सोडला म्हणून बर्फ थोडाच टिकणार आहे.

रानभूल: हेच! धूर सोडायचा आपण आणि उपास करायचा त्यांनी. सीलच्या धंद्याविरुद्ध मोहीम चालवणाऱ्या ग्रीनपीस या पर्यावरण संस्थेच्या कॅनडा शाखेने २०१४ मध्ये इनुइट लोकांची माफी मागितली, तोवर तीस वर्षं गेली.

शेवंती_पी: माफी मागितली ती इनुइटांना झालेल्या त्रासाबद्दल, धंदेवाईक शिकारीला हो म्हटलेलं नाही. खायला मारणाऱ्याला माझा विरोध नाही. पण इनुइटांनीच मारल्याचं सर्टिफिकेट लावलेला सीलच्या कातड्याचा कोट समोर आणून ठेवलात तरी मी घेणार नाही.