मदत हवी आहे: 'रंगरसिया'चा पहिला भाग कुठे मिळेल?

कलर्सवरची 'रंगरसिया' आठवतेय का कुणाला? राजस्थानातलं सीमेजवळचं गाव, कायम भडकलेला रुद्र आणि पारो, म्हणजे आशिष शर्मा आणि सनाया इराणी. डिसेंबर २०१३च्या शेवटी सुरू झाली आणि मी नेमका पहिलाच भाग हुकवला. पुढचं सगळं पाहिलं, सुरुवात मात्र राहिली ती राहिलीच. शोधायला जावं तर केतन मेहतांचा राजा रविवर्मांवरचा सिनेमा समोर येतो. नाव तेच ना! पण त्यात माझं वाळवंट कुठलं?

पहिला भाग अधिकृतपणे, काटछाट न केलेला, कुठे पाहता येईल? आणि पारोच्या लहानपणीचा सीमेवरचा प्रसंग त्याच भागात आहे की नंतर? रविवारी बहिणीसोबत बसायचंय, तेवढ्यात कळवा प्लीज.