मदत हवी आहे: रुईवर पिवळे टोळ बसलेत, ही टोळधाड तर नाही ना? (यावल)

राम राम मंडळी. शनिवारी आई मारुतीच्या माळेसाठी रुईची पानं आणायला बांधावर गेली आणि हात हलवत परत आली, म्हणे झाडाच्या नुसत्या काड्या राहिल्यात. मी जाऊन पाहिलं तर एकेका फांदीवर आठ-दहा टोळ, पिवळेजर्द, अंगावर निळे-हिरवे पट्टे, बोटाएवढे. पुतण्याने एक छोटा चिमटीत धरला तर त्याने पाठीतून पिचकारी मारली, शर्टावर डाग. बांधाला लागूनच दोन एकर कपाशी, फुलावर आलीय. व्हॉट्सॲपवर फोटो टाकला तर ग्रुपमध्ये टोळधाड टोळधाड सुरू झालं, आणि औषधाच्या दुकानवाल्याने तर तीन हजाराची फवारणी लिहूनही दिली. उद्या पंप भरू का? आणि आत्ता नसेल तरी असे गोळा होत गेले तर पुढे धाड होते का?

बांधावरचा:
थांब भो, पंप भरू नको. हा रुईवरचा नाकतोडा, दरवर्षी पावसाळ्यात दिसतो, आपण बघत नाही एवढंच. रुईचा चीक विषारी, तो खाऊन हाही विषारी होतो, म्हणून तर एवढा भडक रंग मिरवत निवांत बसतो. पिचकारी मारली म्हणजे तोच. धाडीचा टोळ वेगळा, वाळवंटी. थव्यातला कोवळा गुलाबी, अंड्यावर आलेला पिवळा, पण निळे पट्टे कधीच नाहीत.

केळीवाला:
दादा पण २०२० च्या मे महिन्यात अमरावती, नागपूरकडे आलेलीच ना? संत्र्याच्या बागेत लोक थाळ्या वाजवत होते. मग इकडे येणारच नाही असं कसं म्हणता?

बांधावरचा:
येणार नाही असं कुठं म्हटलं, ती आली तर वाऱ्यासोबत उडत येईल, दिवसाला दीडशे किलोमीटरपर्यंत जाते, तुमच्या बांधावर तयार होणार नाही. गंमत अशी की तो टोळ एरवी एकलकोंडा, भुरा, दुसरा दिसला की लांब सरकणारा. वाळवंटात चांगला पाऊस झाला की ओल्या वाळूत अंडी घालतो, पिल्लं वाढतात, मग हिरवळ सुकत जाते आणि उरलेल्या चार झुडपांवर सगळ्यांची दाटी. तिथं मागच्या पायांना सारखा धक्का लागत राहिला की अंगात सेरोटोनिन नावाचं रसायन वाढतं आणि काही तासांत तो लांब पळायचं सोडून घोळक्यात घुसायला लागतो. रंग नंतर बदलतो. इतका बदलतो की १९२१ पर्यंत शास्त्रज्ञ ह्या दोन वेगळ्या जाती समजायचे. एक चौरस किलोमीटरच्या थव्यात चार ते आठ कोटी टोळ, एकटा दिवसाला दोन ग्रॅम खातो, म्हणजे कमीत कमी ऐंशी टन पाला, हिशोब तुम्हीच करा. म्हणून तर १९३९ पासून त्यांच्यावर नजर ठेवणारं सरकारी खातं आहे, आज त्याचं केंद्र जोधपूरला. रुईवाल्याची दाटी फक्त खाण्यापुरती.

ताई_चोपडा:
पण रुई संपल्यावर तो कपाशी, पपईवर येतो हां, आमच्याकडे कडेची एक ओळ खाल्ली होती. सकाळी गारव्यात सुस्त असतात तेव्हा वेचून साबणाच्या पाण्यात टाका, हातमोजे घाला. फारच वाटलं तर कडेच्या ओळींवर पाच टक्के निंबोळी अर्क मारा. पूर्ण प्लॉटवर जहाल औषध मारलं तर मावा खाणारे ढालकिडे मरतील, मग माव्यासाठी परत फवारा, दुकानवाल्याची दिवाळी.

धागाकर्ता:
सगळ्यांचे आभार. आज सहाला गेलो, कपाशीवर कडेला फक्त चार सापडले, दोन झाडांची पानं कुरतडलेली. रुईवरचे अर्धी बादली निघाले, पुतण्याने आज फुल शर्ट घातला होता. तीन हजार वाचले, निंबोळ्या घरच्याच आहेत. आता आईचा प्रश्न शिल्लक आहे, येत्या शनिवारच्या माळेला रुई कुठून आणायची. यावल-फैजपूर रोडला कोणाच्या बांधावर धड पानं असतील तर सांगा, येऊन नेतो.