लाडिस्लाव ग्रोसमन : एका पटकथेपुरते लेखक?

प्रश्न (धरमपेठ, नागपूर)
आमच्या चित्रपट मंडळात 'ओब्खोद ना कोर्झे' ('द शॉप ऑन मेन स्ट्रीट', १९६५) हा चेकोस्लोव्हाक चित्रपट दाखवला. दिग्दर्शक यान कादार आणि एल्मार क्लोस यांच्याविषयी पुष्कळ बोलणे झाले. लेखक ग्रोसमन मात्र राहूनच गेले. त्यांच्याविषयी कोणी सांगू शकेल काय?

उत्तर (महाल)
ग्रोसमन यांचा जन्म १९२१ साली पूर्व स्लोव्हाकियातील हुमेन्ने येथे एका ज्यू कुटुंबात झाला. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ज्यूंची दुकाने 'आर्य', म्हणजे ज्यू नसलेल्या, व्यवस्थापकांच्या हाती देण्याचे धोरण तेथील सरकारने राबवले, आणि याच धोरणावर त्यांची कथा उभी आहे : तोनो हा साधा सुतार, जवळजवळ बहिऱ्या अशा वृद्ध लाउटमानबाईंच्या बटणांच्या दुकानावर नेमला जातो, आणि तिला मात्र तो मदतनीस वाटतो. मुळात ही एक लघुकथा होती, जिचा पुढे पटकथेपर्यंत विस्तार झाला. खलनायकाऐवजी एका भिडस्त, दुबळ्या माणसाला केंद्रस्थानी ठेवणे, हेच मला या लेखणीचे खरे धाडस वाटते. चित्रपटाला परभाषिक चित्रपटाचे ऑस्कर मिळाले.

उत्तर (सदर)
१९६८ मध्ये सोव्हिएत फौजा प्रागमध्ये शिरल्यानंतर ग्रोसमन इस्रायलला गेले, तेथील बार-इलान विद्यापीठात त्यांनी अध्यापन केले आणि १९८१ साली त्यांचे निधन झाले.

प्रश्नकर्ता
आभारी आहे. बहिरेपणाचा हा धागा पाहताना मला केवळ विनोदासाठी योजलेला वाटला होता. आता चित्रपट पुन्हा पाहीन.