विज्ञानकथांची मुखपृष्ठं करायची आहेत. सुरुवात कशी करू?

निळीशाई: उपयोजित कलेचं शेवटचं वर्ष आहे. पुढे विज्ञानकथांची मुखपृष्ठंच करायची, हे पक्कं ठरलंय. पण यानं, ग्रह, रोबो काढून झाले की हात अडतो. आणि दरवेळी अख्खं पुस्तक वाचावं लागतं का?

कुंचला: २२ वर्षं हेच काम करतेय, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

वाच. मी दोनदा वाचते. दुसऱ्यांदा पेन्सिल हातात घेऊन फक्त एवढंच टिपते: उजेड कुठून येतोय, हवा आहे की पोकळी, माणूस कशाशेजारी उभा आहे. ब्रिटिश चित्रकार क्रिस फॉस बहुतेकदा पुस्तक न वाचताच रंगवायचे, हे खरं. पण त्यांची १९७० च्या दशकातली यानं जवळून बघ. अंगावर ठळक पट्टे आणि टाचणीच्या टोकाएवढ्या खिडक्या. त्या ठिपक्यांमुळेच यान शहराएवढं वाटतं. एअरब्रशचा, म्हणजे रंग फवारणाऱ्या ब्रशचा, धूर सगळे शिकतात, खिडक्या भरायचा कंटाळा करतात.

यान-ग्रहांनी हात अडतो म्हणतेस, तर अमेरिकन चित्रकार रिचर्ड पॉवर्सकडे जा. १९५० च्या दशकात बॅलंटाइन या प्रकाशनाच्या पुस्तकांवर त्यांनी अतिवास्तववादी, म्हणजे स्वप्नात दिसावीत तशी चित्रं आणली. यीव्ह तांगी या अतिवास्तववादी चित्रकाराचा प्रभाव स्पष्ट दिसतो. कित्येकदा ओळखू येईल असं एकही यंत्र नसतं. हाडांसारखे, वितळल्यासारखे आकार आणि खोल क्षितिज. तरी बघताक्षणी कळतं, ही आपली पृथ्वी नव्हे. मला आजही ते सगळ्यात धाडसी वाटतात.

माझ्या पहिल्या मुखपृष्ठावर वरचा भाग ग्रहाच्या कड्यांनी भरला होता. एकेक कडं बारीक ब्रशनं, ११ दिवस खपून. छापून आलं तेव्हा शीर्षक नेमकं त्यांच्यावर. फार लागलं मला. तेव्हापासून रेखाटनाआधी शीर्षक, लेखकाचं नाव आणि पुस्तकाचा कणा यांची जागा आखून घेते.

ध्रुवतारा: वाचण्याबद्दल सहमत. मुखपृष्ठकार मायकेल व्हेलन हस्तलिखित बारकाईनं वाचण्यासाठी ओळखले जातात, आणि व्यावसायिक चित्रकाराचा ह्यूगो (विज्ञानकथांसाठीचा मानाचा पुरस्कार) त्यांना १९८० ते १९८६ सलग मिळाला. एक व्यवहाराची गोष्ट: करारात छपाईचे हक्क आणि मूळ चित्राची मालकी वेगवेगळी लिहून घे. मूळ चित्र स्वतःकडेच ठेव.

निळीशाई: कुंचलाताई, खूप आभार! पण आता लोक मुखपृष्ठ फोनवरच बघतात. मग त्या खिडक्या दिसणार कशा?

कुंचला: नाही दिसणार. म्हणून आधी चित्र नखाएवढं करून, रंग काढून, नुसतं काळं-पांढरं बघते. तेवढ्यात आकार उठून दिसला, तरच खिडक्यांना हात लावते. पण भरते मात्र सगळ्या. पुस्तक हातात घेणारा वाचक त्या शोधतो.