परदेशात जन्मलेल्या लेकराचं नागरिकत्व : तुमचे अनुभव लिहा

लातूर
माझ्या भाचीला मस्कतमध्ये मुलगी झाली. पेढे वाटून झाले आणि दुसऱ्या दिवशी जावयांचा फोन आला, "मामा, हिच्या पासपोर्टचं काय करायचं?" मला वाटायचं, आई-बाप दोघं इथले, म्हणजे लेकरूही आपोआप इथलंच. तसं नाही. ३ डिसेंबर २००४ पासून परदेशात जन्मलेल्या मुलाची नोंद वर्षाच्या आत तिथल्या भारतीय दूतावासात करावी लागते. ती केली तरच आई-वडिलांमुळे मिळणारं नागरिकत्व मिळतं. आपल्या मराठवाड्यातली किती घरं आखातात आहेत! ज्यांनी यातून वाट काढली, त्यांनी सविस्तर लिहावं. कुठं अडलं तेही लिहा, त्याचाच जास्त उपयोग होतो.

नांदेड, पूर्वी दोहा
आमची थोरली २००९ ची. कतारमध्ये जन्म झाला म्हणून तिथलं नागरिकत्व मिळत नाही. म्हणजे आपल्याकडं नोंद करायची राहिली असती तर माझं लेकरू कुठल्याच देशाचं नव्हतं. दवाखान्याचा दाखला मिळाला की झालं, असं आम्ही धरून चाललो होतो. ह्यांच्या कामावरचे परभणीचे एक दादा जेवायला आले, त्यांनी सहज विचारलं, "वहिनी, एंबसीत नोंद केली ना?" तेव्हा ती दहा महिन्यांची होती. दाखल्यावर नाव तिकडच्या पद्धतीनं, मुलीचं, वडिलांचं, आजोबांचं. आडनाव नाहीच. ते दुरुस्त करून आणण्यात तीन आठवडे गेले. माझ्या पासपोर्टवर माहेरचं नाव होतं, त्यापायी आणखी एक हेलपाटा. मामा, जावयांना एवढं सांगा : दाखला हातात पडला की तिथंच उभं राहून एकेक अक्षर वाचायचं, मगच खिडकी सोडायची.

धाराशिव, सध्या कुवेत
आमचं वर्ष हुकलं. मुलगा फेब्रुवारी २०२० चा. महिन्याभरात सगळं बंद झालं, ह्यांचा पगार थांबला, मी नर्स असल्यानं माझ्या ड्युट्या वाढल्या. नोंदीचं डोक्यात होतं, पण आज-उद्या करत तेरावा महिना लागला. वर्ष उलटलं म्हणून दार कायमचं बंद होत नाही, पण मग केंद्र सरकारची परवानगी लागते. उशीर का झाला ते कागदोपत्री पटवून द्यावं लागतं. आमचे सात महिने गेले. त्याच काळात अणदूरला माझी आई आजारी पडली. लेकरू अंगावर पिणारं, त्याला पासपोर्ट नाही, त्याला सोडून मी निघणार कशी? भाऊ रोज रात्री फोन तिच्या तोंडापुढं धरायचा. आई बरी झाली, देवाची कृपा. पण ते सात महिने मी विसरणार नाही. बायांनो, बाळंतपणाच्या बॅगेतच नोंदीच्या कागदांची फाईल ठेवा.

लातूर
ताई, वाचून गलबललं. जावयांना आत्ताच फोन लावला. सोमवारी जाणार आहेत.

अंबाजोगाई, सध्या अमेरिका
आमची गोष्ट उलटी आहे. आमचा मुलगा इथं जन्मला, म्हणून जन्मतःच अमेरिकन. आम्ही त्याचा अमेरिकन पासपोर्ट काढला. आपल्या दूतावासात नोंद करायची तर लेकराकडे दुसऱ्या देशाचा पासपोर्ट नाही असं लिहून द्यावं लागतं, ते आम्हाला देता येईना. मग त्याचं ओसीआय कार्ड, म्हणजे परदेशी पासपोर्ट असलेल्या भारतीय वंशाच्या माणसाला मिळणारं कार्ड, काढलं. येणं-जाणं, राहणं सगळं सोपं झालं. पण ओसीआय म्हणजे नागरिकत्व नव्हे; मतदान नाही, आणि शेतजमीन विकत घेता येत नाही.

हे माझ्या वडिलांना सांगणं फार जड गेलं. बांधाला लागून दोन एकर विकायला निघाली होती. नातवाच्या नावावर घ्यायची म्हणून त्यांनी सोयाबीनचे पैसे बाजूला ठेवले होते. वकिलांनी नाही म्हणून सांगितल्यावर त्यांनी मला एवढंच विचारलं, "आपलं लेकरू आपल्या रानाला परकं कसं?" शेवटी जमीन त्यांनी स्वतःच्या नावावर घेतली. वारशानं मात्र ती नातवाकडे जाऊ शकते, कायदा त्याला आड येत नाही. हे कळल्यावर त्यांना थोडं बरं वाटलं. पासपोर्ट काढायच्या आधी घरच्यांशी बोला, एवढंच म्हणेन. आम्ही बोललो नव्हतो.

छत्रपती संभाजीनगर
माझे वडील येमेनचे. इथं विद्यापीठात शिकायला आले होते. आई खुलताबादची, लग्नानंतरही तिनं भारतीय नागरिकत्व सोडलं नाही. माझा जन्म येमेनच्या राजधानीत, सना शहरात, १९९० सालचा, धाकट्या भावाचा १९९४ चा. तेव्हाच्या कायद्यात परदेशात जन्मलेल्या मुलाला फक्त वडिलांकडून नागरिकत्व मिळायचं. १० डिसेंबर १९९२ पासून आईकडूनही मिळू लागलं. म्हणून एकाच आईची दोन लेकरं, भाऊ भारतीय आणि मी परदेशी.

वडील गेल्यावर आई आम्हाला घेऊन माहेरी आली. मी इथंच मराठी शाळेत शिकले, पण माझ्या राहण्याच्या परवानगीची मुदत संपायची आणि आई कागद घेऊन पोलीस आयुक्तालयात जायची. मी अठरा वर्षांच्या आत असताना, आई भारतीय आहे या आधारावर माझ्या नोंदणीचा अर्ज करता आला असता. आम्हाला ते कुणी सांगितलंच नाही आणि मी अठरा ओलांडली. भावाला मात्र वेळेत कळलं : अठरा पूर्ण झाल्यावर सहा महिन्यांच्या आत त्यानं येमेनचं नागरिकत्व सोडलं, नाहीतर त्याचंही इथलं गेलं असतं.

पुढं मी भारतीय मूळ आणि सात वर्षांचं वास्तव्य या आधारावर अर्ज केला. तो जिल्हाधिकारी कार्यालयातून वर जातो. आईचा जन्म इथला हे दाखवायला तिच्या खुलताबादच्या शाळेचा निर्गम उतारा लागला. जुनं रजिस्टर सापडेपर्यंत आई शाळेच्या ओट्यावर बसून राहिली होती. मंजुरी आल्यावर मी राज्यघटनेशी एकनिष्ठ राहण्याची शपथ घेतली. त्या वर्षी माझं नाव मतदार यादीत आलं, आईच्या नावाखाली.