दिग्दर्शकानेच कॅमेरा धरावा का? 'किल्ला' परत बघितल्यावर पडलेला प्रश्न

रानवारा: काल परत 'किल्ला' बघितला. पोरं सायकली मारत गडावर येतात, पाऊस सुरू होतो आणि चिन्मयला कळतं की बाकीचे त्याला टाकून निघून गेलेत, त्या ओल्या भिंतींमधला एकटेपणा अंगावर येतो राव. अविनाश अरुणचा पहिलाच पिक्चर, दिग्दर्शन आणि छायाचित्रण दोन्ही त्याचंच, २०१४ ला बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात क्रिस्टल बेअर हा मुलांच्या पिक्चरसाठीचा पुरस्कार मिळाला. माझं म्हणणं, कमी पैशात पिक्चर करायचा तर ज्याच्या डोक्यात गोष्ट आहे त्यानेच कॅमेरा धरावा, मध्ये समजावून सांगायला दुसरा माणूस कशाला?

मनवा_पुणे: अजिबात पटलं नाही. मी एका शॉर्टफिल्मला असिस्टंट होते, तिथे दिग्दर्शकच कॅमेऱ्यावर. एका वयस्कर बाईंचा पत्र वाचतानाचा क्लोजअप होता, वाचता वाचता त्यांची हनुवटी अशी थरथरली की आम्ही सगळे गप्प. कट झाला, त्यांनी मान वर केली, आणि दिग्दर्शक फोकस पुलरला (कॅमेऱ्याचा फोकस सांभाळणाऱ्याला) विचारतोय, "शार्प होतं ना?" पुढच्या तीन टेकमध्ये ती थरथर परत आली नाही.

वैनगंगा: ही त्या एका माणसाची चूक, पद्धतीची नाही. 'नाळ' बघा ना, सुधाकर रेड्डी यक्कंटी मूळचे आंध्रचे, 'सैराट'चा कॅमेरा त्यांचाच, आणि 'नाळ' दिग्दर्शित करून शूटही त्यांनीच केला. ६६व्या राष्ट्रीय पुरस्कारांत त्यांना पदार्पणाचा आणि छोट्या श्रीनिवास पोकळेला बालकलाकाराचा पुरस्कार मिळाला. कॅमेऱ्यामागच्याला अभिनय काढता येत नाही असं कसं म्हणता?

जुना_प्रेक्षक: गोविंद निहलानींना विसरू नका. 'अंकुर' (१९७४) पासून श्याम बेनेगलांचे पिक्चर शूट केले, मग १९८० ला 'आक्रोश', तोही स्वतः शूट केलेला. ओम पुरीचा लहान्या जवळपास बोलतच नाही, सगळं डोळ्यांत. पण लिहायला विजय तेंडुलकर होते हेही ध्यानात ठेवा, सगळंच एकट्याने ओढायचं नसतं.

मनवा_पुणे: आणि करिअरचं काय? 'किल्ला' २०१५ ला थिएटरला लागला, त्याच वर्षी 'मसान' आणि 'दृश्यम'चा कॅमेरा अविनाशनेच केला, पण त्याचा स्वतःचा 'थ्री ऑफ अस' थिएटरात यायला २०२३ उजाडलं. हातात कॅमेरा असला की लोक दुसऱ्यांच्याच पिक्चरला बोलावत राहतात.

रानवारा: अगं पण घर त्यावरच चालतं ना! निर्माता मिळेपर्यंत नुसत्या दिग्दर्शकाने काय करायचं, स्क्रिप्ट घेऊन दारोदार फिरायचं? कॅमेरा येत असेल तर चार पैसे मिळतात आणि हातही चालू राहतो, वर आपल्या मनासारखा निर्माता मिळेपर्यंत थांबता येतं.

मनवा_पुणे: पैशाचं मान्य. पण कट म्हटल्यावर आधी नटाकडे बघायचं, मग मॉनिटरकडे, एवढं तरी पाळा. त्या बाईंना मी नंतर चहा नेऊन दिला तर कप हातात धरून विचारत होत्या, "माझं काही चुकलं का गं?"